मालकीचा वाद आणि चोरीचा आळ

दिवाणी दाव्याचा निकाल लागण्यास वर्षें लोटतात. फौजदारी फिर्यादीनें मात्र प्रतिपक्षाच्या दारांत लगेच शिपाई उभा करतां येतो. हा सोपा हिशेब आमच्या शहरवासीयांस व व्यापाऱ्यांस चांगलाच उमगला आहे. भागीदारी फुटली कीं एक भागीदार दुसऱ्यावर गोदामांतील माल चोरल्याचा आरोप करतो. बांधावरील झाड कोणी तोडलें कीं शेजारी ठाण्याची वाट धरतो. नवरा निवर्तल्यावर विधवा आपले दागिने घेऊन माहेरीं गेली, तर सासरचे तिला चोर ठरवितात. तिन्ही ठिकाणीं खरा प्रश्न एकच: वस्तु कोणाची? त्याचें उत्तर देणें हें दिवाणी न्यायालयाचें काम आहे, फौजदाराचें नव्हे.

कायदा काय म्हणतो तें पाहूं. १८६० च्या दंडसंहितेंतील ३७८ व्या कलमाची चोरीची व्याख्याच १ जुलै २०२४ पासून अंमलांत आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या ३०३ व्या कलमांत उतरली आहे. दुसऱ्याच्या ताब्यांतील जंगम वस्तु त्याच्या संमतीवांचून, अप्रामाणिक हेतूनें हलविणें म्हणजे चोरी. यांत भर ताब्यावर आहे, मालकीवर नाहीं. जमीन चोरतां येत नाहीं. परंतु तीवरील झाड तोडून वेगळें केलें कीं तें जंगम होतें. जमिनीचा तंटा चोरीच्या सदरांत शिरतो तो याच वाटेनें.

तथापि ताबा मोडला एवढ्यानेंच कोणी चोर ठरत नाहीं. हेतूहि अप्रामाणिक असावा लागतो. 'ही वस्तु माझी आहे' अशा खऱ्या समजुतीनें कोणी ती उघडपणें नेली, तर तो हक्क पुढें खोटा ठरला तरी चोरी होत नाहीं, हें सर्वोच्च न्यायालयानें एका तलावांतील मासळीच्या खटल्यांत स्पष्ट केलें आहे. मात्र ही ढाल लबाडांसाठीं नाहीं. दुरुस्तीच्या पैशांसाठीं घड्याळजीनें अडवून ठेवलेलें स्वतःचें घड्याळ, त्याचें तारण बुडविण्याच्या हेतूनें उचलून नेणारा मालकहि चोरच, असें उदाहरण कायद्यानेंच दिलें आहे.

या अन्यायाची सर्वांत जड झळ स्त्रियांस लागते. स्त्रीधन सासरच्या घरांत ठेवलेलें असलें तरी तें स्त्रीचेंच राहतें, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९८५ चा निवाडा आहे. आणि १९५६ च्या हिंदु वारसा कायद्यानें विधवा ही पतीच्या प्रथम वर्गाच्या वारसांपैकीं एक आहे. असें असतां जी स्वतःचे दागिने घेऊन गेली तिला ठाण्यांत बसविणें हा न्याय नव्हे, वारशाचा हक्क सोडावयास लावण्याचा दबाव होय. एकदां लागलेला चोरीचा कलंक निर्दोष सुटल्यावरहि पुसला जात नाहीं, हें ज्यांनीं फिर्याद केली त्यांस पुरतें ठाऊक असतें.

दिवाणी तंट्यांना फौजदारी रूप देण्याची प्रवृत्ति व्यापारी वर्गांत वाढत असल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालींच खेद व्यक्त केला होता, आणि दिवाणी मार्ग वेळखाऊ आहे ही समजूत त्याच्या मुळाशीं असल्याचेंहि सांगितलें होतें. म्हणून केवळ उपदेशानें भागणार नाहीं. दिवाणी न्यायालयांत न्यायाधीश वाढले पाहिजेत व मनाईहुकुमाच्या अर्जांचा निकाल त्वरित लागला पाहिजे. तीन वर्षें वा अधिक, परंतु सातांहून कमी शिक्षेच्या गुन्ह्यांत वरिष्ठांच्या परवानगीनें १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करण्याची मुभा नव्या नागरिक सुरक्षा संहितेनें दिली आहे. मालकीच्या वादांत पोलिसांनीं ती आवर्जून वापरावी. निराधार आरोप करणाऱ्याकडून भरपाई देवविण्याचा जो अधिकार दंडाधिकाऱ्यास आहे, तोहि कागदावरच राहूं नये.

व्यापाऱ्यांनींहि करारपत्र, मालाची यादी आणि किल्ल्यांचा ताबा हीं कामें स्नेह असतांनाच लेखी करून ठेवावीं. ठाणें हें वसुलीचें कार्यालय झालें, तर ज्याच्या घरीं खरोखर चोरी झाली त्याची फिर्याद ऐकण्यास तेथें कोणाला सवड उरणार?