राखीव गोलकीपर

मागच्या महिन्यात सकाळच्या असेम्ब्लीत अकरावीच्या एका कॅडेटने एमिलियानो मार्टिनेझवर पाच मिनिटांचे भाषण केले. भाषण छान झाले, टाळ्याही पडल्या. गोष्ट बहुतेकांना ठाऊक असलेलीच होती. अर्जेंटिनाचा हा गोलकीपर दहा वर्षे आर्सेनलच्या बाकावर बसला, त्याने धीर सोडला नाही आणि शेवटी विश्वचषक जिंकला. तात्पर्य काय, तर सबुरीचे फळ गोड. माझा या तात्पर्याला विरोध आहे, आणि तो करायचा थोडाफार अधिकार मला आहे असे मी समजतो. मी नववीपासून शाळेच्या फुटबॉल संघात आहे आणि नववीपासूनच राखीव गोलकीपर आहे.

मार्टिनेझचा जन्म १९९२ चा, अर्जेंटिनातल्या मार देल प्लाता या समुद्रकाठच्या शहरातला. घरची परिस्थिती बेताची होती. आर्सेनलचे बोलावणे आले तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. आई आणि भाऊ जाऊ नको म्हणून रडत होते, पण बिले भरता येत नाहीत म्हणून रात्री रडणारे वडीलही त्याने पाहिले होते, असे त्याने स्वतःच पुढे सांगितले आहे. २०१० मध्ये तो लंडनला गेला. आपल्यापैकी कितीजणांनी सहावीत घर सोडताना मागे वळून बघायचे टाळले होते, ते इथे विचारत नाही.

पुढे काय झाले? श्चेन्सनी, फाबियान्स्की, ओस्पिना, पेत्र चेक, लेनो. एक जातो, दुसरा येतो आणि मार्टिनेझ मागेच. दहा वर्षांत आर्सेनलकडून सगळे मिळून ३८ सामने. मधल्या काळात क्लबने त्याला सहा ठिकाणी लोनवर पाठवले. ऑक्सफर्ड युनायटेड हा तेव्हा चौथ्या श्रेणीतला संघ, तिथे २०१२ मध्ये फक्त एक सामना मिळाला. नंतर शेफील्ड वेन्सडे, रॉदरहॅम, वुल्व्ह्ज. स्पेनमधल्या गेटाफेला गेला तर तिथेही मोसमभर बहुतेक बाकावरच. २०१२ मध्येच रीडिंगविरुद्ध लीग कपचा सामना आर्सेनलने ७-५ असा जिंकला, तेव्हा गोलमध्ये हाच होता. लोक तो सामना मजेदार म्हणून सांगतात. पाच गोल खाल्लेला वीस वर्षांचा पोरगा त्या रात्री झोपला असेल का, हे विचारायचे फक्त गोलकीपरलाच सुचते.

आता राखीव गोलकीपरचे दुखणे सांगतो, कारण बाकीच्या राखीव खेळाडूंचे तसे नसते. फॉरवर्डला शेवटची दहा मिनिटे मिळू शकतात. डिफेंडरला हाफमध्ये जागा बदलून आत घेता येते. गोलकीपर बदलायची वेळ सहसा एकाच कारणाने येते, पहिला गोलकीपर पडला तर. म्हणजे तुम्हाला खेळायचे असेल तर तुमच्या मित्राला काहीतरी व्हावे लागते. आणि तो मित्र तुमच्याच डॉर्ममध्ये, दोन पलंग सोडून झोपतो. तुमच्या बुटांना तोच पॉलिश देतो, परेडला उशीर होत असेल तर तुमचा बेल्ट तोच ओढून देतो.

गेल्या वर्षीच्या आंतरशालेय स्पर्धेत दुसऱ्या हाफमध्ये आमचा गोलकीपर घोटा धरून खाली बसला. उस्तादांनी माझ्याकडे पाहिले. त्या क्षणी माझ्या मनात पहिल्यांदा जे आले ते काळजी नव्हती. ग्लोव्ह्ज चढवताना मला ते कळले आणि लाज वाटली, पण हात थांबले नाहीत. मी बावीस मिनिटे खेळलो. एक गोल खाल्ला, तोही पायांमधून. सामना हरलो. रविवारी फोनवर आबांनी विचारले, ‘काय रं, खेळलास न्हवं?’ मी हो म्हणालो. कोल्हापूरच्या माणसाला स्कोअर विचारल्याशिवाय राहवत नाही, तरी त्यांनी विचारला नाही.

म्हणून २० जून २०२० चा सामना मी पुन्हा पुन्हा पाहिला आहे. ब्रायटनचे मैदान, करोनामुळे प्रेक्षक नाहीत. पहिल्या हाफमध्ये टक्कर होऊन लेनोचा गुडघा दुखावला, त्याला स्ट्रेचरवरून नेले आणि मार्टिनेझ आत आला. असेम्ब्लीतल्या भाषणात हा प्रसंग फार तेजस्वी होता. भाषणात न आलेली गोष्ट अशी की आर्सेनल पुढे असूनही तो सामना १-२ असा हरले आणि दोन्ही गोल मार्टिनेझवर झाले. दुसरा तर जादा वेळेत. दहा वर्षे ज्याची वाट पाहिली, तो दिवस असा गेला. सहा आठवड्यांनी त्याच संघाने वेम्बलीवर चेल्सीला २-१ हरवून एफए कप जिंकला आणि मार्टिनेझ रडला, तेव्हा रिकाम्या स्टेडियममध्ये ते पाहायला घरचे कोणी नव्हते.

आता माझा मुद्दा. लेनोचा गुडघा दुखावला नसता तर? मार्टिनेझ तितकाच धीराचा, तितकाच मेहनती राहिला असता आणि आपल्यापैकी कोणालाही त्याचे नाव माहीत नसते. असे किती गोलकीपर युरोपात वाट बघत निवृत्त झाले असतील, त्यांच्यावर कोणी भाषण करत नाही. सबुरीला फळ येतेच असे म्हणणे हा त्यांच्यावर अन्याय आहे. आपल्या शाळेतूनही एसएसबीत रेकमेंड होऊन मेरिट लिस्टमध्ये न बसलेले सीनियर गेले आहेत. त्यांची सबुरी कमी होती असे म्हणायची माझी तरी हिंमत नाही.

मला मार्टिनेझचा आदर वाटतो तो दुसऱ्या कारणासाठी. तो नुसता वाट बघत बसला नाही. सामने मिळतील तिथे गेला, मग तो संघ चौथ्या श्रेणीतला का असेना. गेटाफेहून हात हलवत परत आल्यावरही २०१९ मध्ये रीडिंगला जाऊन अर्धा मोसम नियमित खेळला. आपण मानसतज्ज्ञाची मदत घेतो हे त्याने उघडपणे सांगितले आहे. हे मला महत्त्वाचे वाटते, कारण आपल्याकडे ‘मन मजबूत ठेव’ एवढे सांगून विषय संपतो. संधी नशिबाने आली, पण आली तेव्हा अंगात सामने खेळण्याची सवय शिल्लक होती. माझ्या अंगात ती नव्हती. तो पायांमधून गेलेला गोल त्याचा पुरावा आहे.

एफए कपनंतर दीड महिना झाला असेल नसेल, त्याने आर्सेनल सोडले. लेनो परतल्यावरही पहिली जागा आपलीच राहील याची खात्री त्याला हवी होती, ती मिळाली नाही. तो ॲस्टन व्हिलाला गेला, पहिल्याच सामन्यात पेनल्टी अडवली आणि त्या मोसमातले लीगचे सगळे ३८ सामने खेळला. पंधरांत एकही गोल झाला नाही. आमच्या मेसमध्ये यावर वाद झाला. दहा वर्षे सांभाळणाऱ्या क्लबला सोडणे म्हणजे निष्ठा सोडणे, असे काहींचे म्हणणे. मला ते पटत नाही. सैनिक आपले पोस्टिंग निवडत नाही, तिथे निष्ठेचा अर्थ वेगळा आहे. व्यावसायिक खेळाडूचे करिअर पंधरा-वीस वर्षांचे. त्यातली दहा देऊन झाल्यावर त्याने जाब विचारला तर बिघडले कुठे? दोन गोष्टींना एकाच फूटपट्टीने मोजू नये.

एका बाबतीत मात्र मी डॉर्मच्या विरोधात आहे. २०२१ च्या कोपा अमेरिकाच्या उपांत्य सामन्यात त्याने कोलंबियाच्या तीन पेनल्टी अडवल्या. प्रेक्षक नसल्यामुळे तो किकरना काय काय बोलत होता ते टीव्हीवर ऐकू आले. २०२२ च्या अंतिम सामन्यात चुआमेनी किक घ्यायला येत असताना त्याने चेंडू दूर भिरकावून दिला. चुआमेनीने बाहेर मारली. नंतर बक्षीस घेताना केलेला हावभाव तर या मासिकात लिहिण्यासारखा नाही. पुढच्या वर्षी नियमच बदलला आणि किकरचे लक्ष अयोग्य रीतीने विचलित करायला गोलकीपरला मनाई झाली. २०२४ मध्ये असल्याच वागण्यासाठी फिफाने त्याच्यावर दोन सामन्यांची बंदी घातली. आमचे ज्युनियर इंटरहाऊस पेनल्टी शूटआऊटमध्ये नेमके हेच करतात, नाच करतात, चेंडू लाथाडतात, आणि बाकीचे ‘दिबू, दिबू’ ओरडतात. मला ते आवडत नाही. आपण ज्याला हरवतो त्याच्याशी दुपारी एकाच टेबलावर जेवतो.

त्याच अंतिम सामन्यात, ३-३ बरोबरी असताना, जादा वेळेच्याही शेवटच्या मिनिटांत कोलो मुआनी एकटा समोर आला होता. मार्टिनेझने डावा पाय पसरून तो फटका अडवला. त्यात नाच नव्हता, बोलणे नव्हते. नक्कल करायचीच तर त्या पायाची करावी. पण एक कबूल करतो. सहा क्लब हिंडूनही ज्याला आपण जगात उत्तम आहोत असे वाटत राहते, त्याच्यात थोडा निर्लज्जपणा असणारच. तो काढून टाकला तर तो पाय तिथे पोचला असता का, याचे उत्तर माझ्याकडे नाही.

गेल्या आठवड्यात नववीचा नवा राखीव गोलकीपर मला विचारत होता की त्याने डिफेंडर व्हावे का, निदान खेळायला तरी मिळेल. पुढच्या वर्षी मी इथे नसेन, आणि पहिला गोलकीपर दहावीचा आहे, म्हणजे याला अजून दोन वर्षे तरी बाकावर काढायची आहेत. मी त्याला विचारले, सुट्टीत गावी कोणत्या संघाला गोलकीपर हवा आहे का? तो म्हणाला, एक आहे, पण अगदीच टुकार आहे, दर सामन्यात सहा-सात गोल खातो. मी म्हटले, मग लगेच पत्र टाक त्यांना.