दाजींचा प्रिंटर

श्रावणात गगनबावड्याला जाण्याचे धाडस शहाणा मनुष्य करीत नाही. करूळ आणि भुईबावडा हे दोन्ही घाट चढून जिथे माथ्यावर येतात, तिथल्या पावसाविषयी कोल्हापूरकराला सांगायला नको. इतर वाचकांना एवढेच सांगतो, की आमची आक्का छपाईचे कोरे कागद तांदळाच्या डब्यात ठेवते. सर्दावलेला कागद प्रिंटरात हमखास अडकतो.

तर या आक्काचा फोन आला. "दाजी दोन दिवस धड जेवले नाहीत. तू ये बाबा."

गेलो. दुखणे प्रिंटरचे निघाले. दाजी निवृत्त शिक्षक. २००८ साली निवृत्तीच्या पैशांतून घेतलेल्या त्या यंत्रावर ते वाड्यावस्त्यांवरच्या मुलांसाठी शिष्यवृत्तीच्या सराव-प्रश्नपत्रिका छापतात, फुकट. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी विंडोज १० चा पाठिंबा संपला, म्हणून पुण्याच्या चिरंजीवांनी नवा लॅपटॉप धाडला आणि जुना संगणक भंगारात गेला. नवा पाहुणा प्रिंटरला ओळखच देईना. रविवारी चौदा मुले यायची होती.

"नवा घ्या की," चिरंजीव फोनवर म्हणाले.

"चालता बैल कुणी विकतं का रं?" दाजींनी फोन ठेवला.

यातली गोम अशी. प्रिंटरला ना मराठी कळते, ना इंग्रजी; काळा ठिपका कुठे द्यायचा, एवढेच कळते. संगणकाचे म्हणणे त्याला समजावणारा दुभाष्या म्हणजे ड्रायव्हर. काही प्रिंटरांना पीसीएल किंवा पोस्टस्क्रिप्ट अशी पुष्कळांना येणारी भाषा येते. त्यांचे कुठल्याही साधारण दुभाष्यावर भागते. दाजींचा पडला स्वस्तातला. सगळा विचार संगणकाने करून द्यायचा, याने नुसते गिरवायचे! त्याला त्याचाच दुभाष्या हवा. सोबतच्या तबकडीत होता तो ३२ बिटांचा; विंडोज ११ निघते ६४ बिटांतच, आणि तिथे असला ड्रायव्हर चालत नाही. शिवाय लॅपटॉपला तबकडी घालायला जागाच नव्हती.

(प्रिंटरपायी संतापलेले दाजी काही पहिलेच नव्हेत. १९८० च्या सुमारास अमेरिकेत एमआयटीच्या प्रयोगशाळेतील रिचर्ड स्टॉलमन यांना एका प्रिंटरच्या प्रोग्रॅमचा मूळ मजकूर नाकारला गेला. १९८३ साली त्यांनी जाहीर केलेल्या जीएनयू प्रकल्पामागे तो रागही होता.)

'सर्व ड्रायव्हर मोफत' म्हणणाऱ्यांच्या वाटेला मी गेलो नाही. तिथे दुभाष्याच्या वेषात चोरही घरात शिरतो. प्रिंटरच्या पाठीवरचे मॉडेल अक्षरासकट उतरवून घेतले आणि ते बनवणाऱ्या कंपनीचेच संकेतस्थळ उघडले. विंडोज ११ पुढे काहीच नाही. मग यादीत मागे जाऊन विंडोज ७, ६४ बिट निवडले, तर तिथे फाईल हजर! मोबाईलला रेंज मिळते ती फक्त माजघराच्या खिडकीत. तिथे पिशवीत फोन टांगला आणि तासाभराने फाईल उतरली.

ड्रायव्हर बसला. चाचणीचे पान पाठवले. लॅपटॉप म्हणतो छापले, प्रिंटर ढिम्म. दाजींनी काही न बोलता चष्मा काढून पुसला. त्यांनी दोन शब्द सुनावले असते तर बरे, असे मला झाले.

रात्री अकराला, वीज दोनदा जाऊन आल्यावर, माझी नजर पोर्टच्या यादीवर गेली. काम एलपीटी१ या दाराने चालले होते. ते जुन्या रुंद केबलचे दार. या लॅपटॉपला ते नाहीच! खूण काढून यूएसबी००१ पुढे केली.

यंत्र खाकरले. दाजी उठून उभे राहिले. पान बाहेर आले, तसे त्यांनी ते दिव्याखाली धरून नीट पाहिले आणि पाठकोऱ्या कागदांच्या गठ्ठ्यात ठेवले.

"अगं, तांदळाचा डबा आण."

"आधी जेवा," आक्का म्हणाली.