डोंगर आपला, मग वाटाड्या दुसरा का?

पावसाळा तोंडावर आला की पुण्या-मुंबईतल्या तरुणांच्या मोबाईलवर एकाच साच्यातल्या जाहिराती फिरू लागतात. एक दिवसाचा ट्रेक, फक्त वीस जागा, अनुभवी लीडर, सकाळी पोहे-चहा, दुपारी गावात पिठलं-भाकरी, रात्री घरी परत. लोहगड-विसापूर, राजमाची, नाणेघाट, हरिश्चंद्रगड. या वीस जणांत आता आपल्या वस्त्यांतली आणि वसतिगृहांतली मुले-मुलीही दिसतात. चळवळीतली काही जुनी मंडळी याला मध्यमवर्गी चैन म्हणतात. "मोर्चाला यायला वेळ नाही आणि डोंगर चढायला वेळ आहे" असा टोमणाही मारतात.

मला हा टोमणा मान्य नाही. आपल्या पोरांनी डोंगरावर जायलाच पाहिजे. माझा प्रश्न वेगळा आहे. डोंगरावर आपल्याला नेतो कोण, तिथे गेल्यावर सांगतो काय, आणि ते ऐकून आपण माना का डोलावतो?

आधी चैनीचा मुद्दा निकालात काढू. 1934 साली बाबासाहेब आपल्या सहकाऱ्यांसोबत सहलीला निघाले होते. चळवळीतल्या कार्यकर्त्यांनीच सहलीची इच्छा व्यक्त केली होती आणि काहीही झाले तरी वेरूळची बौद्ध लेणी पाहायचीच असे ठरले होते. साधारण तीस जणांचा हा गट नाशिकमार्गे औरंगाबादकडे गेला. दौलताबादचा किल्ला वाटेत होता. प्रवासाने सगळे धुळीने माखलेले. किल्ल्याच्या दरवाजाबाहेर पाण्याने भरलेले छोटे टाके होते. काहींनी तिथे हात-पाय-तोंड धुतले. एवढ्यावरून 'धेडांनी टाके बाटवले' अशी ओरड सुरू झाली आणि शिवीगाळ करणारा जमाव भोवती जमला. हे ओरडणारे मुसलमान होते, म्हणजे जातीच्या रोगाने धर्माची वेससुद्धा ओलांडली होती. बाबासाहेबांनी त्यांनाच उलट विचारले: हेच का तुमचा धर्म शिकवतो? उद्या एखादा अस्पृश्य मुसलमान झाला तर त्यालाही या पाण्यापासून अडवाल का? जमाव गप्प झाला. शेवटी किल्ला पाहायची परवानगी मिळाली, पण आत कुठेही पाण्याला हात लागू नये म्हणून सोबत हत्यारी शिपाई देण्यात आला. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आपल्या आठवणींत बाबासाहेबांनी हा प्रसंग स्वतः लिहून ठेवला आहे.

म्हणजे डोंगर-किल्ले पाहायला जाणे ही आपल्यासाठी कधीच नुसती मौज नव्हती. महाडला 20 मार्च 1927 रोजी पाण्याचा हक्क बजावल्यानंतर सात वर्षांनीही साधी सहल करायची तर पाण्याची परवानगी काढावी लागत होती. आज तो शिपाई सोबत नसतो. आज सोबत असतो तो लीडर. तो पाण्याला अडवत नाही. पण ते टाके कोणी खोदले, हे तोही सांगत नाही.

आता त्या टाक्यांकडेच या. सह्याद्रीत फिरणाऱ्या प्रत्येकाला कातळात कोरलेली पाण्याची टाकी माहीत असतात. आपण बाटल्या भरतो आणि पुढे जातो. लेण्यांमधल्या शिलालेखांत या टाक्यांना एक शब्द आहे, 'पोढी'. आणि पोढी ही दान देण्याची वस्तू होती. कान्हेरीच्या डोंगरावर कल्याणच्या एका सोनाराने पोढी दान दिल्याची नोंद आहे. तिथेच कल्याणच्या एका लोहाराने वाट दान दिल्याचीही नोंद आहे. वाट! दोन हजार वर्षांच्या आसपास एक लोहार स्वतःच्या कमाईतून डोंगरावर चढणाऱ्यांसाठी वाट करून देतो आणि दगडात आपले नाव कोरतो. जुन्नरला धान्य विकणाऱ्यांच्या श्रेणीने, म्हणजे त्यांच्या संघटनेने, सात खोल्यांचे लेणे आणि पाण्याची पोढी दिली. तिथल्याच दुसऱ्या एका लेखात बांबूकाम करणाऱ्यांच्या आणि कासारांच्या श्रेणींकडे दानाची रक्कम ठेवल्याचे म्हटले आहे. नाशिकच्या लेखात उषवदाताने गोवर्धनच्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे एकूण 3000 कार्षापण ठेवले आणि त्याच्या व्याजातून भिक्खूंचा खर्च चालवला. कार्ल्याच्या चैत्यावर सुताराचे नाव आहे, अत्तर विकणाऱ्याचे नाव आहे, यवनांची नावे आहेत.

नीट लक्षात घ्या. जे हात पुढे हीन ठरवले गेले, बांबू सोलणारे, लोखंड ठोकणारे, कापड विणणारे, तेच हात इथे दाते म्हणून, विश्वासाने पैसा सांभाळणाऱ्या संस्था म्हणून उभे आहेत. ही कोणा भक्ताची कल्पना नाही. हे दगडावर आहे, वाचता येते. 1837 च्या सुमारास जेम्स प्रिन्सेपने ही लिपी उलगडली, म्हणजे वाचता येऊन जवळपास दोन शतके होत आली. तरीही डोंगरावर आपल्याला काय ऐकवले जाते? "पांडवांनी वनवासात एका रात्रीत कोरली." नाशिकच्या त्रिरश्मी डोंगरावरची बौद्ध लेणी आजही सरकारी फलकापासून रिक्षावाल्यापर्यंत सगळ्यांच्या तोंडी 'पांडवलेणी' आहेत. मावळातल्या एका लेण्यात मी एका लीडरचे बोलणे उभा राहून ऐकले आहे. स्तूपाकडे बोट दाखवून त्याने "ही शंकराची पिंडी, जरा वेगळ्या पद्धतीची" असे सांगितले. गटातल्या चौघांनी हात जोडले. त्या चौघांत एकाच्या पिशवीला निळ्या रंगाचा अशोकचक्राचा बिल्ला होता.

तो लीडर लबाड होता असे मला वाटत नाही. त्याला जसे सांगितले गेले तसे त्याने पुढे सांगितले. विस्मरण असेच चालते, त्याला कारस्थानाची गरजच नसते. दर रविवारी वीस जणांना एक चुकीची गोष्ट, वर्षाला पन्नास रविवार. हजार डोक्यांत पांडव जातात आणि लोहार, सुतार, विणकर बाहेर पडतात. याला उत्तर फेसबुकवर संतापाची पोस्ट टाकून मिळत नाही. उत्तर एकच: त्या वीस जणांच्या पुढे चालणारा माणूस आपला हवा, आणि तो तयारीचा हवा.

इथे काही मित्र म्हणतील, आपल्याकडे गर्दी कमी आहे का? 14 ऑक्टोबरला दीक्षाभूमी, 6 डिसेंबरला चैत्यभूमी, 1 जानेवारीला भीमा कोरेगाव. लाखोंनी लोक येतात. खरे आहे, आणि ती गर्दी आपली ताकद आहे. पण गर्दी अभिवादन करते, घोषणा देते, पुस्तके विकत घेते. शिलालेख वाचायला गर्दी उपयोगाची नाही. भिंतीवर तिरपा उजेड पडेपर्यंत थांबावे लागते, एक एक अक्षर बोटाने हवेत गिरवावे लागते, कोणीतरी "पण हे कशावरून?" असे विचारावे लागते. त्यासाठी पंधरा-वीस जणच हवेत. लेणी संवर्धनाचे काम करणारे आणि धम्मलिपीचे वर्ग घेणारे आपले तरुण हे काही वर्षांपासून करत आहेत. ते काम काही ठिकाणचे न राहता प्रत्येक तालुक्याचे व्हायला हवे.

सुरुवात अवघड नाही. मळवली स्टेशनला लोकलने उतरा. एका बाजूला चालत भाजे, इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातली 22 लेणी आणि एका जागी उभे असलेले चौदा स्तूप. दुसऱ्या बाजूला, महामार्ग ओलांडून, कार्ले. सुमारे 124 फूट लांबीचा तो चैत्य आणि त्याच्या छतात दोन हजार वर्षांपूर्वीच्या लाकडी कमानी. एका दिवसात दोन्ही होतात, खर्च लोकलच्या तिकिटाचा, प्रवेशाचा आणि जेवणाचा. कोकणातल्यांनी महाडला जावे. चवदार तळे आणि गांधारपाल्याची लेणी एकमेकांच्या जवळ आहेत. लेण्यातली पोढी पाहून मग तळ्याच्या पायऱ्या उतरा. 1927 चा सत्याग्रह किती जुन्या हक्काचा होता, ते वेगळे सांगावे लागणार नाही.

मात्र आपला वाटाड्या कसा असावा यावर मी अडून बसणार आहे. एका खोट्या गोष्टीच्या जागी दुसरी खोटी गोष्ट ठेवायची नाही. सगळाच सह्याद्री बौद्ध होता, प्रत्येक देऊळ आधी विहार होते, असे ठोकून देणारे वक्ते आपल्याकडेही आहेत. पुरावा असेल तिथे ठणकावून सांगा. लेण्याद्रीला गिरिजात्मज ज्या लेण्यात बसला आहे ते बौद्ध विहार आहे, हे भोवतीच्या खोल्याच सांगतात. पण नाणेघाटात गेलात तर नागनिकेच्या लेखात वैदिक यज्ञांची आणि त्यातल्या दक्षिणांची यादी आहे, तीही लपवू नका. उलट विचारा: त्या लेखात गाई, हत्ती, घोडे, हजारोंनी कार्षापण कोणाला गेले, आणि जुन्नरच्या लेखात पाण्याची पोढी कोणासाठी दिली गेली? घाट एकच, परिसर एकच. फरक ऐकणाऱ्याला आपोआप कळतो. ज्याच्याकडे खरा पुरावा आहे त्याला फेकाफेकीची गरज नसते.

कार्ल्याला चैत्यासमोरच एकवीरेचे देऊळ आहे. तिथे येणारा कोळी-आगरी समाज कष्टकरी बहुजनच आहे. त्यांच्याशी भांडून काय मिळणार? त्यांच्याशी बोला. शेजारच्या भिंतीवर सुताराचे नाव कोरलेले आहे हे दाखवा. माणूस हुज्जतीने दुरावतो, गोष्टीने जवळ येतो. आणि आपणही लेण्यात जाऊन मेणबत्त्या लावायच्या, अगरबत्तीचा धूर करायचा, लेखाच्या अक्षरांत खडू भरायचा, हे बंद. वंदना घ्या, शांतपणे घ्या. भिंतीला हात न लावता घ्या.

दुसरी अट त्याहून महत्त्वाची आहे. ट्रेकच्या जाहिरातीतला डोंगर रिकामा असतो. ढग, हिरवळ, धबधबा, माणूस नाही. प्रत्यक्षात त्या डोंगरावर ठाकर, कातकरी, महादेव कोळी राहतात. इर्शाळगडाच्या वाटेवरची इर्शाळवाडी ट्रेकर्सना चांगली ठाऊक होती. त्या वाडीत चहा प्यायचा, फोटो काढायचा, पुढे चढायचे. 19 जुलै 2023 च्या रात्री दरड कोसळली आणि ठाकर आदिवासींची ती वाडी गाडली गेली. 27 मृतदेह हाती लागले, कितीतरी माणसे ढिगाऱ्याखालीच राहिली आणि शोध थांबवावा लागला. बचाव पथकांना पायी चढून जावे लागले, कारण वाडीपर्यंत गाडीरस्ताच नव्हता. त्याआधी 30 जुलै 2014 ला आंबेगाव तालुक्यातले माळीण असेच गाडले गेले होते. जी पायवाट शहरातल्या माणसाला 'निसर्गरम्य' वाटते, त्याच पायवाटेवरून बाळंतीण झोळीत घालून खाली आणावी लागते.

आंबेडकरी गटाला हे पाहून न पाहिल्यासारखे करता येणार नाही. ज्या घरी जेवाल तिथे घासाघीस न करता पैसे द्या, आणि ते त्या घरातल्या बाईच्या हातात द्या. वाडीतल्याच एका तरुणाला सोबत घ्या, त्याला रोज द्या. वाटा त्याच्या माहितीच्या, लिपी तुमच्या माहितीची, दोघे मिळून वाटाडे. शाळा किती लांब, पाणी कुठून येते, वनहक्काचा दावा मंजूर झाला का, हे विचारा. परत आल्यावर एखादा अर्ज लिहून द्यायला मदत केलीत तर ती सहल सार्थकी लागली.

तिसरी गोष्ट पोटाची. वाटाड्याचे काम हा रोजगार आहे. राज्याने 2021 मध्ये साहसी पर्यटनाचे धोरण आणले, त्यात आयोजकांना नोंदणी आणि सुरक्षेचे नियम लागू केले. इतिहास, पुरातत्त्व, पाली घेऊन पदव्या मिळवलेली आपली किती मुले-मुली स्पर्धा परीक्षांच्या रांगेत वर्षे घालवत आहेत! त्यांनी प्रथमोपचार शिकावा, नोंदणी करावी, ठरवून फी घ्यावी आणि खर्चाचा हिशेब गटापुढे ठेवावा. फुकट केलेले काम दोन रविवार टिकते. मुलींनी तर पुढे यावेच. जिथे वाटाडी मुलगी असते तिथे मुलींना पाठवायला घरचे तयार होतात, हा साधा अनुभव आहे. आणि पावसाचा इशारा असेल त्या दिवशी सहल रद्द करा, कोणी कितीही आग्रह धरला तरी.

1934 साली बाबासाहेबांच्या गटामागे शिपाई चालत होता, पाण्याला हात लागू नये म्हणून. आज पाणी मोकळे आहे, डोंगर मोकळा आहे, अक्षरे वाचता येतात. अडवणारा कोणी नाही. आता सबबही राहिलेली नाही. कल्याणच्या लोहाराने वाट करून ठेवली आहे. येत्या महिन्यात तुमच्या तालुक्यातले जवळचे एक लेणे निवडा, आधी स्वतः दोनदा जाऊन या, तिथला लेख पाठ करा आणि पंधरा जणांना घेऊन निघा.

पुढे तुम्ही चाला.

जयभीम!