स्वच्छ वायूचा गळका हिशेब

मार्च २०१८च्या अखेरीस अमेरिकेतील सबाइन पास येथून द्रवरूप नैसर्गिक वायू घेऊन निघालेले जहाज कोकणात दाभोळच्या धक्क्याला लागले. ज्या किनाऱ्याशी एन्रॉनच्या कटू स्मृती जोडल्या गेल्या आहेत, तेथेच ‘गेल’च्या वीस वर्षांच्या अमेरिकी कराराचा श्रीगणेशा झाला. सबाइन पासमधून वर्षाला ३५ लाख टन आणि मेरीलँडमधील कोव्ह पॉइंट येथून २३ लाख टन, अशी ही बांधिलकी आहे. देशाच्या एकूण ऊर्जावापरात वायूचा वाटा २०३०पर्यंत १५ टक्क्यांवर नेण्याचे केंद्राचे उद्दिष्ट असून त्यामागे एक गृहीतक आहे : वायू कोळशापेक्षा स्वच्छ असतो. हे गृहीतक आता तपासून घेण्याची वेळ आली आहे.

जळताना वायू स्वच्छ असतो, यात वाद नाही. तेवढीच वीज निर्माण करताना कोळशाच्या तुलनेत त्यातून जवळपास निम्माच कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो. प्रश्न आहे तो न जळता निसटणाऱ्या वायूचा. नैसर्गिक वायू म्हणजे मुख्यतः मिथेन. तो वातावरणात सुमारे बारा वर्षेच टिकतो. परंतु वीस वर्षांचा कालखंड धरला तर त्याची उष्णता कोंडण्याची क्षमता कार्बन डायऑक्साइडच्या ऐंशी पटींहून अधिक असते. फ्रॅकिंगमध्ये खोलवरच्या शेल खडकात आडवी विहीर खणून पाणी, वाळू व रसायनांचे मिश्रण प्रचंड दाबाने सोडले जाते आणि खडकाला तडे पाडले जातात. हे पाणी परत वर येताना वायू सोबत घेऊन येते. पुढे झडपा, टाक्या, कॉम्प्रेसर आणि वाहिन्या अशा प्रत्येक टप्प्यावर गळतीला वाव असतो.

ही गळती किती? ‘सायन्स’ या नियतकालिकात २०१८मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने अमेरिकेतील तेल-वायू उद्योगातील गळती एकूण वायू उत्पादनाच्या २.३ टक्के असल्याचा निष्कर्ष काढला. तेथील पर्यावरण संरक्षण संस्थेच्या अधिकृत अंदाजापेक्षा हा आकडा सुमारे ६० टक्क्यांनी अधिक होता. कोळशाऐवजी वायूवर वीज निर्माण केल्याचा लाभ हवामानाला पहिल्या दिवसापासून मिळायचा असेल, तर विहिरीपासून वीज केंद्रापर्यंतची गळती ३.२ टक्क्यांच्या आत हवी, असे गणित शास्त्रज्ञांनी २०१२मध्ये मांडले होते. टेक्सास व न्यू मेक्सिकोमधील पर्मियन खोऱ्यात मात्र उपग्रहाच्या नोंदींवरून २०२०मध्ये ३.७ टक्के गळती आढळली. तेथे कंपन्यांचा डोळा तेलावर असतो. सोबत येणारा वायू वाहून नेण्यास वाहिन्या अपुऱ्या पडल्या, की तो जाळला जातो किंवा थेट हवेत सोडला जातो.

तंत्रज्ञानाची येथे अडचण नाही. मोठी गळती बहुधा थोड्याच सदोष यंत्रणांतून होते. ती शोधता येते आणि रोखताही येते. अडचण आहे ती राजकीय इच्छाशक्तीची. ओबामा प्रशासनाने २०१६मध्ये केलेले नियम ट्रम्प यांच्या पहिल्या कारकिर्दीत, २०२०मध्ये सैल करण्यात आले. बायडेन यांच्या काळात, २०२२मध्ये, अतिरिक्त मिथेन उत्सर्जनावर शुल्क लावणारा कायदा झाला. २०२५मध्ये अमेरिकी काँग्रेसने आधी त्याच्या अंमलबजावणीचा नियम रद्द केला आणि नंतर शुल्कच २०३४पर्यंत पुढे ढकलले. सत्ताबदलागणिक नियम बदलणाऱ्या देशाकडून वायू घेताना केवळ त्याच्या शब्दावर विसंबणे धोक्याचे आहे.

भारताने २०२१मध्ये ग्लासगो येथे जाहीर झालेल्या जागतिक मिथेन प्रतिज्ञेवर स्वाक्षरी केली नाही. २०३०पर्यंत मिथेन उत्सर्जन ३० टक्क्यांनी घटविण्याची ही प्रतिज्ञा आहे. आपले मिथेन प्रामुख्याने गुरेढोरे आणि भातखाचरांतून येते व त्यावर कोट्यवधी कुटुंबांची उपजीविका चालते, ही दिल्लीची भूमिका न्याय्यच आहे. परंतु गरीब शेतकऱ्याच्या गोठ्यासाठी योजलेली ढाल टेक्सासच्या विहिरीच्या बचावासाठी वापरण्याचे कारण नाही. तेथील गळती भारताच्या उत्सर्जनाच्या खात्यात नोंदली जात नाही, म्हणून ती आपली नव्हे, असा युक्तिवाद करता येईल. मात्र तापलेल्या समुद्राला आणि लहरी मॉन्सूनला ही खातेवही ठाऊक नसते.

भारत-अमेरिका व्यापार वाटाघाटींत अधिक ऊर्जाखरेदीचा मुद्दा सातत्याने पुढे येत आहे. मोठ्या ग्राहकाच्या हाती सौदा करण्याची शक्ती असते, ती येथे उपयोगात आणता येईल. युरोपीय संघाने २०२४च्या कायद्यात आयात होणाऱ्या वायूच्या मिथेन गळतीची मोजणी व नोंद टप्प्याटप्प्याने बंधनकारक करण्याची तरतूद केली. नव्या करारांत विहिरीपासून जहाजापर्यंतच्या गळतीची त्रयस्थ मोजणी आणि तिची कमाल मर्यादा घालणे पेट्रोलियम मंत्रालयालाही अशक्य नाही. दर ठरवताना एकेका सेंटचा कीस काढला जातो. गळतीचा मात्र कागदावर उल्लेखही होत नाही. ही विसंगती दूर झाली नाही, तर कोळशाच्या आगीतून निघून आपण फुफाट्यात पडू आणि त्यासाठी किंमतही डॉलरमध्ये मोजू.