शिळ्या अन्नाचा दोष कोणाच्या माथी?

शाळेतील माध्यान्ह भोजनानंतर मुलांना उलट्या-जुलाब सुरू झाले की पुढचा क्रम ठरलेला असतो. मुले रुग्णालयात जातात, अन्नाचे नमुने प्रयोगशाळेत जातात आणि स्वयंपाक करणारी बाई कामावरून जाते. चौकशी तिच्यापाशी सुरू होते व बहुधा तिच्यापाशीच संपते. अन्न दूषित का झाले, हा मूळ प्रश्न मात्र तसाच राहतो.

सूक्ष्मजंतूंची वाढ चक्रवाढ व्याजासारखी असते. अनुकूल स्थितीत काही जंतू दर वीस मिनिटांनी दुप्पट होतात. म्हणजे एकाचे सहा तासांत अडीच लाखांहून अधिक होतात. ५ ते ६० अंश सेल्सिअस हा पट्टा त्यांना मानवतो, आणि आपली बारमाही हवा याच पट्ट्यात मोडते. बॅसिलस सिरियस या जंतूचे बीजाणू भात शिजल्यावरही जिवंत राहतात. भात कोमट राहिला की ते रुजतात व विष तयार करतात. हातावरील जखमेतून वा नाकातून अन्नात उतरणारा स्टॅफिलोकोकसही तेच करतो. उलटी घडवणारी ही विषे अन्न पुन्हा उकळूनही नष्ट होत नाहीत. अशा अन्नाला वास येतोच असे नाही. वाढण्यापूर्वी शिक्षकाने अन्न चाखावे हा नियम योग्यच; पण ज्याची बाधा काही तासांनी प्रकट होते, ते विष जिभेला कसे कळावे?

प्रतिबंधाचे उपाय अवघड नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेने २००१ मध्ये ते पाच सूत्रांत मांडले: स्वच्छता राखा, कच्चे व शिजलेले वेगळे ठेवा, अन्न पूर्ण शिजवा, ते योग्य तापमानात ठेवा, पाणी व कच्चा माल सुरक्षित वापरा. तथापि ही सूत्रे भिंतीवर रंगवल्याने अमलात येत नाहीत. त्यांना नळाचे शुद्ध पाणी लागते, साबण लागतो, पुरेसे इंधन व भांडी लागतात. ज्या शाळेत पाण्याचा हंडा दुरून आणावा लागतो, तेथे स्वच्छतेचे व्याख्यान देणे ही निव्वळ चेष्टा आहे.

सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये शिजवलेले अन्न हा शाळकरी मुलांचा हक्क मानला. ते शिजवणाऱ्या हातांचे मोल मात्र केंद्राच्या निकषांत २००९ मध्ये दरमहा १००० रुपये, तेही वर्षातून दहा महिने, असे ठरले. राज्यांनी त्यात भर घातली तरी हे ‘मानधन’च राहिले, त्याला वेतनाची प्रतिष्ठा नाही. जुलाब झालेल्या वा बोटाला पिकलेली जखम असलेल्या बाईने त्या दिवशी अन्नाला हात लावू नये, असे आरोग्यशास्त्र सांगते. पण रजा घेतली तर पैसे बुडतील, ही धास्ती असेल तर ती आजार लपवून चुलीपाशी येणारच. स्वस्त श्रमातून वाचवलेला पैसा अखेर मुलांच्या प्रकृतीतून वसूल होतो. हा हिशेब कोणत्याही अंदाजपत्रकात दिसत नाही.

शहरांत मध्यवर्ती स्वयंपाकगृहांचा पुरस्कार होतो. यंत्रसामग्रीचे तेथे फायदे आहेत. परंतु अन्न शिजणे व ताटात पडणे यांतील अंतर वाढते, आणि एका कढईतील चूक अनेक शाळांत पोहोचते. शाळेतच शिजवून लगेच गरम वाढलेले अन्न या दृष्टीने अधिक सुरक्षित असते.

२००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याने नफ्यासाठी चालणारा व न चालणारा असा भेद केलेला नाही. शासनाचे स्वयंपाकघरही त्याच्या कक्षेत येते. तेव्हा शासनाने आधी स्वतःची जबाबदारी पार पाडावी. प्रत्येक शाळेला शुद्ध पाणी, स्वयंपाक करणाऱ्या स्त्रियांना किमान वेतन, प्रशिक्षण व पगारी आजारपणाची रजा, आणि जिल्ह्याच्या ठिकाणी नमुने तपासणारी प्रयोगशाळा या मागण्या पुऱ्या करण्यासाठी पालकांनी व कामगार संघटनांनी एकत्र उभे राहिले पाहिजे. मुलाच्या ताटाचे आणि ते वाढणाऱ्या बाईच्या पोटाचे हित एकच आहे.