पडद्यावरचे भूत आणि घरातला आजार

मुलांनी भयपट पाहूच नयेत असे पुष्कळ पालकांना वाटते. माझे मत थोडे वेगळे आहे. जाणत्या वयात ते अवश्य पाहावेत. मात्र पाहून झाल्यावर स्वतःला दोन प्रश्न विचारावेत. ही भीती कशी निर्माण केली? आणि भीतीच्या भरात आपल्याला काय पटवून दिले?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर बरेचसे भौतिकशास्त्रात सापडते. १९४९ साली कमाल अमरोही यांचा 'महल' हा हिंदी चित्रपट आला. जुन्या हवेलीत एक स्त्री गाते, दिसते आणि नाहीशी होते. गाणे दुरून जवळ येत आहे असे वाटते आणि अंगावर काटा येतो. तो आवाज लता मंगेशकरांचा. त्यापूर्वी काही काळ त्या आपल्या कोल्हापुरातच राहत होत्या. ध्वनिमुद्रणाच्या वेळी त्या ध्वनिग्राहकापासून दूर उभ्या राहिल्या आणि गात गात त्याच्याजवळ आल्या. युक्ती एवढीच!

मोकळ्या जागेत अंतर दुप्पट झाले की ध्वनीची तीव्रता एक चतुर्थांश होते. बंद खोलीत मात्र भिंतींवरून परावर्तित होणारा आवाज अंतराप्रमाणे तितका घटत नाही. थेट आवाज आणि परावर्तित आवाज यांच्या प्रमाणावरून मेंदू अंतराचा अंदाज बांधतो. एखादा भीतिदायक प्रसंग आवाज बंद करून पाहा. निम्मे भूत तिथेच पळेल. 'महल'मधील स्त्रीही अखेर भूत नव्हे, माळ्याची मुलगी निघते.

दुसरा प्रश्न अधिक गंभीर आहे. २००७ सालच्या 'भूलभुलैया'त अवनी नावाची तरुणी स्वतःला मंजुलिका समजू लागते. हे भूत नसून मनाचा आजार आहे, असे त्यातला डॉक्टर सांगतो. हिंदी चित्रपटाने हे लाखो प्रेक्षकांना सांगितले, याचे मी स्वागत करतो. परंतु पुढे एका रात्रीच्या नाटकाने ती बरी होते, हे मला पटत नाही. मनोविकारावर औषधे व समुपदेशन यांचा उपचार चिकाटीने करावा लागतो. शिवाय असे चित्रपट मनोरुग्णाला हिंसक दाखवतात. वास्तविक बहुसंख्य मनोरुग्ण कोणालाही इजा करत नाहीत; उलट त्यांनाच अधिक सोसावे लागते.

समजा, शेजारच्या ताईला नसलेले आवाज ऐकू येऊ लागले, तिची झोप उडाली. 'बाहेरचे काही आहे' म्हणून तिला मांत्रिकाकडे नेले, तर उपचाराचा मोलाचा काळ वाया जातो आणि आजार बळावतो. भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला बांधणे, मारणे, मिरचीची धुरी देणे हा महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. अशा वेळी तिला मनोविकारतज्ज्ञाकडेच न्यायला हवे. शासनाच्या 'टेलि-मानस' सेवेचा १४४१६ हा क्रमांकही आहे.

कागलसारख्या गावात हे घरच्यांना कोण सांगणार? तुम्हीच! आवाजाचा खेळ ज्याला उलगडला, त्याने आजीला, काकांना समजावून सांगायला काय हरकत आहे? पडद्यावरच्या भुताला खुशाल भ्या. घरातल्या आजारी माणसाला मात्र भूत समजू नका.