दवाखान्यातल्या खाटेवर सही करू नका

सिल्वासाजवळच्या राखोलीत कारखान्यांची पाळी सुटली की खानवेलच्या रस्त्यावर सायकली, दुचाक्या, पायी निघालेले कामगार आणि मालाने भरलेले ट्रक एकाच वेळी उतरतात. त्यात कुणाचा पाय मोडतो. दोन-चार दिवसांत गाडीमालकाचा माणूस दवाखान्यात येतो. "खर्च आम्ही करतो, वर वीस हजार घ्या, केस कशाला करता?" उसनवारी करून थकलेल्या घरच्यांना ती रक्कम मोठी वाटते. माझं कळकळीचं सांगणं आहे, तो पुढे करेल त्या तडजोडीच्या कागदावर सही करू नका, अंगठाही देऊ नका.

हिशोब करून बघा. कामगार तीस वर्षांचा, पगार महिना १५,०००. पाय कायमचा अधू होऊन त्याची कमाई ३० टक्क्यांनी घटली असं मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने धरलं, तर वर्षाचं नुकसान ५४,००० रुपये. सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ सालच्या सरला वर्मा निकालाप्रमाणे त्या वयाला गुणक १७. म्हणजे ९,१८,००० रुपये. औषधपाणी, बुडालेला पगार, सोसलेल्या वेदना यांचे पैसे निराळे. ट्रकवाल्याचं घर बुडेल म्हणून जीव हळहळत असेल, तर हेही लक्षात घ्या: गाडीचा थर्ड पार्टी विमा सक्तीचा आहे आणि तो चालू असेल तर ही भरपाई सहसा विमा कंपनीच भरते.

डॉक्टरांच्या दाखल्यावरची अपंगत्वाची टक्केवारी म्हणजेच कमाईतली घट, असं नाही. २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. डावा हात गेलेला कारकून नोकरी टिकवू शकेल, पण चालकाचा किंवा सुताराचा धंदाच बसतो. म्हणून तुम्ही मशीनवर आठ तास उभे राहता की गोणी उचलता, हे दाव्यात ठळक लिहून घ्या.

दावा पुष्कळदा पहिल्या रात्रीच कमजोर होतो. जखमीला आणणारा शेजारी घाबरून 'गाडीवरून पडला' एवढंच सांगतो आणि केसपेपरवर तेच उतरतं. पुढे विमा कंपनीचा वकील तो कागद काढून म्हणतो की ट्रकचा संबंधच नव्हता. तेव्हा कोणत्या गाडीने, कुठे, कशी धडक दिली ते डॉक्टरांना सांगा आणि लिहिलेलं वाचून घ्या. आणणाऱ्यानेही पोलिसांना भिऊ नये. मदत करणाऱ्याला नाव सांगण्याची सक्ती नाही, कायद्याने त्याला संरक्षण आहे.

एफआयआर, पंचनामा, डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, औषधांची पक्की बिलं एका पिशवीत जपा. ठेकेदार रोखीने पगार देत असेल तर हजेरी कार्ड, गेटपास, सोबत काम करणाऱ्यांची साक्ष उपयोगी पडते.

१ एप्रिल २०२२ पासून लागू असलेल्या नियमाप्रमाणे दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे. ती टळली असली तरी घरी बसू नका, वकिलाला विचारा. जव्हारचा किंवा नंदुरबारचा माणूस इथे जखमी झाला, तर तो आपल्या जिल्ह्यातही दावा लावू शकतो. कामावर असताना अपघात झाला असेल, तर कामगार भरपाईच्या कायद्यानेही मागता येतं, मात्र दोन्हींपैकी एकच वाट धरावी लागते. ती ठरवण्याआधी सल्ला घ्या.

धडक देऊन पळालेली गाडी सापडलीच नाही, तरी हातावर हात धरून बसायची गरज नाही. गंभीर जखमीला ५०,००० आणि मृताच्या वारसांना २ लाख रुपये मिळतात. त्यासाठी अर्ज तालुक्याच्या महसूल अधिकाऱ्याकडे करायचा.

दवाखान्याच्या आवारात फिरणाऱ्या दलालांना मात्र दूर ठेवा. 'मिळेल त्यातले तीस टक्के' असा करार वकिलाला करताच येत नाही. कोऱ्या वकालतनाम्यावर सही देऊ नका आणि भरपाईसाठी स्वतःचंच बँक खातं द्या. आदिवासी, स्त्रिया, मुलं, अपंग आणि कारखान्यातले कामगार यांना सरकारी खर्चाने वकील मिळतो; राखोलीतली बहुतेक घरं यातल्या कुठल्या ना कुठल्या गटात बसतात. १५१०० या क्रमांकावर फोन करा किंवा कागदांची ती पिशवी घेऊन सिल्वासाला विधी सेवा प्राधिकरणात जा. जखमीला उठता येत नसेल तर घरच्या कुणीही जावं.